मिस वर्लीनची लाल टिकली

त्या अहवालाच्या मुखपृष्ठावर मिस वर्लीनचा फोटो आहे. डोक्यावर रविवारी चर्चला घालतात ती जांभळी हॅट, हातमोजे काढून बगलेत धरलेले, आणि भिंतीवरच्या भल्यामोठ्या तक्त्यावर हिरवी टिकली चिकटवताना चेहऱ्यावर हसू. खाली ठळक अक्षरांत लिहिलंय, 'रहिवासी बोलले.' तो फोटो पाहिला की आजही माझं डोकं सणकतं. रहिवासी बोलले म्हणे! रहिवाशांनी काय गिळलं, ते कोणी विचारलं?

मी डोरीन. शाळेची बस चालवते, आणि मिस वर्लीन टॅगर्ट यांच्या घराच्या वरच्या मजल्यावर इतकी वर्षं राहतेय की मी भाडेकरू आहे हे आम्हा दोघींनाही महिन्याच्या एक तारखेलाच आठवतं. त्या खाली, मी वर. त्यांच्या स्वयंपाकघरात कांदा परतला की मला भूक लागते, आणि मी फोनवर कोणाशी तणतणले की त्या खालून झाडूच्या दांड्याने छत ठोकतात. "डोरीन! झाकण ठेव त्या तोंडावर, सगळी वाफ जातेय!"

हेझेल स्ट्रीटचं मंडळ त्याच चालवतात. मंडळ म्हणजे त्यांच्या स्वयंपाकघरातलं टेबल, कॉफीचं भांडं आणि त्यांचा आवाज. हॉस्पिटलच्या धुलाईखात्यात त्यांची नोकरी झाली. यंत्रांच्या खडखडाटावर चढवून बोलायची सवय तिथली, ती काही निवृत्त झाली नाही. बर्फ पडला की पोर्चवर उभं राहून कोणी कोणाच्या दारापुढचं उपसायचं ते त्या ओरडून सांगतात, आणि पुरुषमाणसं मुकाट फावडी उचलतात. समोरचे शफीकभाई बांगलादेशातून इथे राहायला आले तेव्हा त्यांच्या बायकोला भोपळ्याचा वेल चढवायला यांनी आपलं कुंपण दिलं. आता दर उन्हाळ्यात त्यावरून भांडण ठरलेलं.

"मिस्टर शफीक, तुमचा भोपळा माझ्या बाजूला आलाय. म्हणजे माझा झाला."

"घ्या ना आपा. वेलसुद्धा घ्या. फक्त बायकोला तुम्हीच सांगा."

अशा बाईचा एक नियम होता, आणि तो सगळ्या गल्लीने उचलला होता: आपल्या माणसाला झापायचं ते घरात, बाहेरच्यासमोर एक शब्द नाही. लमॉन्ट बारा-तेरा वर्षांचा असताना त्याने चेंडू मारून चर्चची रंगीत काच फोडली. पोलीस आला. मिस वर्लीन त्याला म्हणाल्या, "वाऱ्याने फुटली." पोलीस म्हणाला, "आज वारा नाहीये, मॅडम." त्या म्हणाल्या, "आता नाहीये. तेव्हा होता." पोलीस गेला, आणि मग त्यांनी त्या पोराचा कान धरला तो सबंध उन्हाळा सोडला नाही. चर्चचं गवत कापायचं, जिने पुसायचे, आणि दुपारी यांच्याकडे जेवायला यायचं. लमॉन्टची आई दोन नोकऱ्या करायची. पोर यांच्याच टेबलावर वाढलं असं म्हटलं तरी चालेल.

तोच लमॉन्ट पुढे 'पार्टनरशिप'चा संचालक झाला. आमच्या भागातली घरं दुरुस्त करून द्यायची, छपरं, पोर्च, म्हाताऱ्यांसाठी रॅम्प, हे त्या संस्थेचं काम. पैसा मोठ्या फाउंडेशनचा. लमॉन्ट कोट घालून गाडीतून उतरायला लागला तेव्हा मिस वर्लीनना इतका आनंद झाला की त्यांनी त्या दिवशी पीचचा कॉब्लर, म्हणजे फळावर कणकेचा थर देऊन भाजलेला गोड पदार्थ, दोनदा केला.

आणि मग मिस्टर एमॉसना अर्धांगाचा झटका आला.

मिस्टर एमॉस म्हणजे त्यांचा नवरा. आमच्याकडे वडीलधाऱ्या बाईला लग्नानंतरही मानाने 'मिस'च म्हणतात. कोपऱ्यावर त्यांचं केस कापायचं दुकान. अर्ध्या गल्लीचे पहिले केस त्यांनी कापलेत. झटक्याने उजवी बाजू गेली आणि जीभ जड झाली. एकेक शब्द निघतो, तोही ओढून काढावा लागतो. दुकान आता त्यांच्या हाताखाली शिकलेला माणूस चालवतो, पण खिडकीजवळची एक खुर्ची त्याने मिस्टर एमॉससाठी राखून ठेवलीय. त्यांचं मागणं एवढंच होतं. सकाळी आपली चाकाची खुर्ची आपण ढकलत कोपऱ्यापर्यंत जायचं, खिडकीत बसायचं आणि फुटबॉलवरून लोक भांडतात ते ऐकायचं. चूक बोलणाऱ्याकडे नुसतं बघितलं तरी तो गप्प बसतो, इतका त्यांचा दरारा.

पण घराला पाच पायऱ्या. लाकूड कुजलेलं, मधली तर पाय ठेवला की कण्हायची. डॉक्टरकडे न्यायचं तर शफीकभाई आणि आणखी तिघंजण खुर्ची उचलून खाली आणायचे. पहिल्यांदा उचललं तेव्हा मिस्टर एमॉस ओशाळे हसले. पुढे एकदा त्यांनी खुर्चीचा दांडा घट्ट धरला आणि मोठ्या कष्टाने म्हणाले, "सराव... नको." मला आधी कळलंच नाही. मग मिस वर्लीननी तोंड फिरवलं तेव्हा कळलं. माणसाला उचलून न्यायची वेळ एकदाच येते, तिचा सराव नको, असं ते म्हणत होते. त्यानंतर डॉक्टरखेरीज ते कशालाच बाहेर पडले नाहीत. चर्चलासुद्धा नाही. खिडकीत बसून राहायचे. मी बस घेऊन निघायचे तेव्हा तिथे, परत यायचे तेव्हाही तिथेच.

रॅम्पसाठी नाव दिलं होतं. लमॉन्ट म्हणाला, "या वसंतात, मिस वर्लीन. देवाशपथ." वसंत आला आणि गेला. पुढच्या वसंतात लाकूड महागलं होतं. त्याच्या पुढच्या वसंतात सुतार मिळत नव्हता. पार्टनरशिपच्या कार्यालयाला मात्र नवी काच लागली, आणि दारावर हातात हात घातलेल्या माणसांचं चित्र आलं.

मग मूल्यमापनवाले आले.

फाउंडेशनने बाहेरगावची कंपनी नेमली होती. संस्था कशी चाललीय, गल्लीतले लोक, चर्च, दुकानदार आणि संस्था मिळून कसं काम करतात, ते तपासायला. त्या लोकांची म्होरकी मेरेडिथ नावाची बाई. गोड बोलायची, आणि तुम्ही काहीही सांगितलंत तरी "धन्यवाद, हे फार मोलाचं आहे" म्हणायची. मी तिला स्वच्छतागृह कुठे आहे ते सांगितलं, तेही मोलाचं निघालं.

चर्चच्या तळघरात सभा. भिंतींवर मोठे तक्ते. घरदुरुस्ती, सुरक्षितता, सहकार्य असे मथळे, आणि प्रत्येकाच्या हातात टिकल्यांचे कागद. चांगलं चाललं असेल तिथे हिरवी टिकली, नसेल तिथे लाल. एवढं सोपं. आणि लमॉन्ट कुठे होता? तिथेच. कॉफीच्या टेबलापाशी, हाताची घडी घालून, कोण कुठे काय चिकटवतंय ते बघत. दोन दिवस आधी तो मिस वर्लीनकडे येऊन कॉब्लर खाऊन गेला होता आणि म्हणाला होता, "माझ्या कामाचा निकाल आहे हा. जरा सांभाळून घ्या." ज्याच्याविषयी विचारायचं त्याला समोर उभं करायचं, आणि त्याच्या आईसारख्या बाईच्या हातात लाल टिकली द्यायची! याला मूल्यमापन म्हणतात? आमच्या बसमधली पोरं याहून शहाणी आहेत. कोणी डबा चोरला ते विचारायचं असेल, तर आधी चोराला पुढच्या सीटवर नेऊन बसवावं लागतं.

मी सरळ घरदुरुस्तीच्या तक्त्याशी गेले आणि लाल टिकली ठोकली. अंगठ्याने दाबून.

बाजूने मिस वर्लीनचा हात आला. नखाने त्यांनी माझी टिकली उचकटली.

"काय करताय?" मी म्हणाले.

"तू काय करतेस?" त्या दातांतल्या दातांत बोलल्या. धुलाईखात्याचा आवाज असा दाबलेला मी कधी ऐकला नव्हता. "परक्या बाईसमोर आपल्या पोराचा पाणउतारा?"

"मिस वर्लीन, रॅम्प कुठेय?"

"ते मी त्याला घरी बोलावून विचारीन. कान पिळून विचारीन. पण हिच्यासमोर? ती उद्या विमानात बसेल, डोरीन. लमॉन्टला इथेच राहायचंय."

"आणि मिस्टर एमॉसना?"

त्यांनी पर्स उघडली, लाल टिकली आतल्या झाकणाला चिकटवली, पर्स खटकन मिटली. मग आपल्या कागदावरची हिरवी काढली आणि माझी टिकली होती तिथेच लावली. समोरून मेरेडिथचा कॅमेरावाला म्हणाला, "मॅडम, जरा इकडे बघा!" मिस वर्लीन हसल्या. फोटोला हसायचं असतं, म्हणून.

सगळ्यांनी तेच केलं. माझ्या कागदावर आणखी लाल टिकल्या होत्या, पण मिस वर्लीनच्या नाकासमोर दुसरी लावणं मलाही जमलं नाही. शफीकभाईंच्या छतातून बादलीत पाणी गळतं, त्यांनीही हिरवीच लावली. बाहेर आल्यावर मी त्यांना धारेवर धरलं, तर ते चप्पल सारखी करत म्हणाले, "आपांचा पोर आहे. आपा हिरवी लावतात, मी लाल कशी लावू?" तळघरातल्या त्या तक्त्यावर हिरवळ उगवली होती. बकऱ्या सोडायला हव्या होत्या.

अहवाल आला तो गुळगुळीत कागदावर. घरदुरुस्तीच्या पानावर लिहिलं होतं, 'उद्दिष्ट साध्य. रहिवासी पूर्ण समाधानी. एकही प्रतिकूल मत नाही.' आणि ज्या अर्थी घरांचं काम झालंच आहे, त्या अर्थी फाउंडेशनचा पैसा आता 'सहकार्य बळकट करण्यासाठी' वळवण्यात येत आहे. म्हणजे काय, तर डझनभर संस्थांचे लोक दर महिन्याला एका टेबलाभोवती बसणार, सँडविच खाणार, आणि ते नीट बसलेत ना हे बघायला एक पगारी माणूस असणार. छपरं, पोर्च आणि रॅम्पचं खातं बंद.

हे सांगायला लमॉन्ट स्वतः आला. तेवढी लाज होती. पोर्चवर चढताना मधली पायरी कण्हली, तेव्हा त्याने खाली बघितलं.

मिस वर्लीननी त्याला बस म्हटलं नाही. मी जिन्यातूनच ऐकत होते, आणि ऐकत होते हे मी लपवत नाही.

"मग मिस्टर एमॉसचा रॅम्प?"

"आता त्या खात्यात काहीच नाहीये, मिस वर्लीन. मी काय करू? तुम्हीच सगळ्यांनी हिरव्या लावल्यात."

मला वाटलं, आता ताटली फुटणार. फुटली नाही.

"तुझ्यासाठी लावली," त्या म्हणाल्या. "त्या कागदासाठी नाही लावली, लमॉन्ट. तुझ्यासाठी लावली."

"मला माहितेय."

"माहीत होतं, तर त्यांना का नाही सांगितलंस? ही माझी माणसं आहेत, मला जपतायत, ह्यांच्यावर विश्वास ठेवू नका, असं का नाही सांगितलंस?"

आमची माया त्याने टिकल्यांच्या भावाने विकली होती. मला तो लहानपणापासून आवडायचा, म्हणून तर जास्त संताप आला. पलीकडच्या खोलीत मिस्टर एमॉस होते. त्यांना बोलता येत नाही, ऐकू सगळं येतं. लोक हे नेहमी विसरतात.

वर कडी अशी, की फाउंडेशनने बक्षीससमारंभ ठेवला. 'सहकार्याचा आदर्श' म्हणून मिस वर्लीनना फलक. अक्रोडाच्या जाड लाकडाचा, वर सोनेरी अक्षरं. त्याच तळघरात, त्याच तक्त्यांसमोर. शोभेसाठी ते पुन्हा लावले होते. मिस्टर एमॉसना उचलून आणू का म्हणून शफीकभाई विचारायला गेले, तर मिस्टर एमॉसनी नाही म्हणून मान हलवली. मिस वर्लीन एकट्या माझ्याबरोबर निघाल्या. जांभळी हॅट, पांढरे हातमोजे.

फाउंडेशनची बाई बोलली, मेरेडिथ बोलली, लमॉन्टने मिस वर्लीनचं नाव पुकारलं. त्या पुढे गेल्या. फलक घेतला, वजन करून बघितल्यासारखा हातात तोलला आणि टेबलावर ठेवला.

"तो मुलगा माझ्या टेबलावर जेवलाय," त्या म्हणाल्या. माइक समोर होता, पण त्यांना माइक कशाला लागतो? "परक्यांसमोर आपल्या पोराला बोलायचं नाही, असं माझ्या आईने मला शिकवलं, आणि मी ह्या सगळ्यांना शिकवलं. आज बोलते. लमॉन्ट, तू मला तीन वसंत खोटं सांगितलंस. आणि तुम्ही बायांनो, तुम्ही एवढ्या लांबून आलात आणि माझ्या पायऱ्या बघायला एक गल्ली पुढे आला नाहीत."

पर्स उघडली. टिकली अजून झाकणालाच होती. ती काढून त्या घरदुरुस्तीच्या तक्त्याशी गेल्या, आपल्या हिरव्या टिकलीवर ती लाल ठेवली आणि अंगठ्याने दाबली. माझ्यासारखीच.

मग मेरेडिथ हळूच, अगदी गोड आवाजात म्हणाली, "धन्यवाद. हे फार मोलाचं आहे. फक्त... माहिती गोळा करायची मुदत संपलीय. अहवाल छापून झालाय ना."

"मुदत तुमची संपली, बाई," मिस वर्लीन म्हणाल्या. "माझा नवरा अजून खिडकीत बसलाय."

आणि यावर त्या लोकांनी काय केलं असेल? टाळ्या वाजवल्या! फाउंडेशनच्या बाईने डोळे टिपले आणि शेजारच्याला म्हणाली, "असे अस्सल आवाज ऐकायलाच तर आपण येतो." मग कॉफी दिली, आणि टेबलावर राहिलेला फलक माझ्या बगलेत कोंबला. तक्ते गुंडाळून कोणाच्या तरी गाडीत गेले, लाल टिकलीसकट. मी त्या दिवशी एखाद्याच्या अंगावर कॉफी ओतली असती, पण मिस वर्लीननी माझा दंड धरला होता. "घरी चल," त्या म्हणाल्या.

घरी पोचलो तर शफीकभाई पोर्चसमोर उभे. ते आमच्या आधीच सभेतून निघून आले होते. डोळे खाली. "आपा," ते म्हणाले, "मीही खोटी टिकली लावली. आता सांगा, लाकूड कुठे उतरवू?"

शनिवारी सगळी गल्ली तिथे होती. शफीकभाईंचं बांधकामाचं काम, त्यामुळे करवत त्यांची, हुकूमही त्यांचा. चर्चचा कारभार बघणाऱ्या डीकनने जुन्या बाकांच्या जाड फळ्या आणल्या. दुकानातला न्हावी आला. त्याला खिळा ठोकता येईना, म्हणून तो सगळ्यांचे केस फुकट कापत बसला. मी मॅकरोनी केली, शफीकभाईंच्या बायकोने भोपळ्याची भाजी. मिस वर्लीन पोर्चवरून ओरडत होत्या, आणि कितीतरी महिन्यांनी त्यांचा आवाज पूर्वीसारखा लागला. जमीन एका बाजूला खचलेली, रॅम्पचा पुढचा पाय टेकेना. शफीकभाई जाड काहीतरी मागायला लागले. मिस वर्लीन आत गेल्या आणि तो फलक घेऊन आल्या.

"अक्रोडाचं आहे," त्या म्हणाल्या. "चांगलं टिकेल."

फलक त्या पायाखाली गेला. रॅम्प हलायचा थांबला.

त्या उन्हाळ्यात मेरेडिथ पुन्हा आली. आता 'सहकार्य' तपासायला. बरोबर कॅमेरावाला आणि लमॉन्ट. रॅम्प बघून तिचे डोळे चमकले. "किती सुंदर! यात कोणकोणत्या संस्था सहभागी होत्या?"

लमॉन्टने घसा खाकरला. "म्हणजे, आमच्या महिन्याच्या बैठकांमधून जे वातावरण तयार झालं..."

"लमॉन्ट," मिस वर्लीन म्हणाल्या. परकी बाई समोर होती, तरी म्हणाल्या. "यातला एक तरी खिळा तुझ्या हातचा आहे?"

"नाही, मिस वर्लीन."

"मग तोंड मीट आणि वाट सोड. ते येतायत."

दार उघडलं. मिस्टर एमॉस बाहेर आले, डोक्यावर टोपी, डावा हात चाकावर, डावा पाय जमीन रेटत. कॅमेरावाला पुढे सरसावला. मेरेडिथ वाकून विचारायला लागली, "सर, हा रॅम्प झाल्यावर तुम्हाला कसं वाटतंय?" मिस्टर एमॉसनी तिच्याकडे बघितलं, दुकानात चूक बोलणाऱ्याकडे बघायचे तसं. ओठ हलले, शब्द यायला वेळ लागला.

"बाजूला."

ती झाली बाजूला. सगळेच झाले. ते रॅम्पवरून खाली उतरले, डावीकडे वळले आणि कोपऱ्याकडे निघाले. मागून ढकलायला कोणी नव्हतं, आणि त्यांनी मागे बघितलंही नाही. मिस वर्लीन पोर्चवर उभ्या राहून ते दुकानात शिरेपर्यंत बघत होत्या, आणि मग ॲप्रन तोंडावर धरून रडल्या.

नव्या अहवालात तो रॅम्प पानभर छापलाय. खाली लिहिलंय, 'भागीदारीचं फळ.' मला संताप येतो, आणि येणारच. पण तो फोटो मी फ्रिजवर लावून ठेवलाय. रॅम्प रिकामा आहे, कारण मिस्टर एमॉस तोवर कोपऱ्यावर पोचले होते. आणि खालच्या बाजूला, पुढच्या पायाखाली, फाउंडेशनची सोनेरी अक्षरं चिखलात अर्धी दिसतात. छापताना त्यांच्यातल्या एकानेही तिकडे बघितलं नाही.